हप्ता परवडतो म्हणजे घर परवडते का?

टिळकवाडीकर (धागाकर्ता)

बेळगाव शहरातील जागा-घरांच्या गटावर गेल्या आठवड्यात एक मजकूर फिरला. ‘भाडे म्हणजे पाण्यात गेलेला पैसा. तीस वर्षांची मुदत घ्या, हप्ता आवाक्यात बसतो, बाकीचा हिशोब बँक पाहून घेते,’ असा त्याचा सारांश होता. घर घ्यावे की न घ्यावे हा ज्याच्या त्याच्या घरचा प्रश्न आहे आणि त्यात मला पडायचे नाही. परंतु शेवटच्या वाक्याने मी अस्वस्थ झालो, कारण नेमका तोच हिशोब कर्जदाराने स्वतः पाहायचा असतो.

तीस लाखांचे कर्ज साडेआठ टक्के दराने वीस वर्षांसाठी घेतले, तर हप्ता सुमारे २६,०३५ रुपये बसतो आणि वीस वर्षांत एकूण साडेबासष्ट लाख रुपये भरले जातात. म्हणजे तीस लाखांच्या मुद्दलावर साडेबत्तीस लाखांचे व्याज. हेच कर्ज तीस वर्षांसाठी घेतले, तर हप्ता २३,०६७ रुपयांवर येतो; महिन्याला पुरते तीन हजारही वाचत नाहीत, पण एकूण भरणा ८३ लाखांवर जातो. महिन्याच्या त्या तीन हजारांपायी साडेवीस लाख रुपये जादा मोजावे लागतात, हे त्या मजकुरात कुठेही लिहिलेले नव्हते.

वीस वर्षांच्या कर्जातील पहिल्या हप्त्याची फोड करून पाहा. २६,०३५ रुपयांतील २१,२५० रुपये व्याजात जातात आणि मुद्दल फिटते अवघे ४,७८५ रुपये. पाच वर्षे एकही हप्ता न चुकवता १५ लाख ६२ हजार रुपये भरले, तरी २६ लाख ४४ हजारांचे कर्ज उभेच असते. अर्धे मुद्दल फिटायला जवळजवळ चौदा वर्षे लागतात. सहाव्या वर्षी बदली झाली म्हणून घर विकायला काढणाऱ्या माणसाला ही गोष्ट प्रथम कळते, आणि तेव्हा फार उशीर झालेला असतो.

दर किती, हे सगळेच विचारतात. मुदत किती आणि ती पुढे कोण, कशी वाढवणार, हे विचारणारा माणूस मला क्वचित भेटतो. कर्जाची खरी किंमत दरापेक्षा मुदतीत दडलेली असते, एवढेच मला सांगायचे आहे.

अनगोळचा रहिवासी

आपले आकडे बरोबर आहेत, परंतु मांडणी एकांगी आहे. विसाव्या वर्षीचा रुपया आणि पहिल्या वर्षीचा रुपया आपण एकाच तराजूत घातला आहे. महागाई वर्षाला पाच टक्के धरली, तर आजच्या २६ हजारांच्या हप्त्याचे वजन वीस वर्षांनी आजच्या ९,८०० रुपयांएवढे उरते. मी २००४ मध्ये आठ टक्क्यांनी सहा लाखांचे कर्ज पंधरा वर्षांसाठी काढले, तेव्हा हप्ता पावणेसहा हजारांच्या घरात होता आणि माझ्या पगाराचा जवळजवळ अर्धा भाग त्यात जात असे. पुढे २००८ च्या सुमारास दर अकराच्या वर गेले, तेव्हा ओढाताण झाली हेही खरे. परंतु दहा वर्षांनंतर तोच हप्ता किराण्याच्या बिलाएवढा वाटू लागला.

माझ्या वडिलांनी आयुष्य भाड्याच्या घरांत काढले. आधी वडगाव, मग शहापूर, मग खासबाग. घरमालकाच्या मुलाचे लग्न ठरले की आमचे सामान बाहेर निघत असे. आईची तुळस शेवटपर्यंत डालड्याच्या डब्यातच राहिली, कारण वृंदावन बांधायला अंगण कधी आमचे नव्हते. या गोष्टीची किंमत आपल्या कोष्टकात कोणत्या रकान्यात बसते, ते सांगावे.

टिळकवाडीकर

ती किंमत कोणत्याच रकान्यात बसत नाही, आणि ती मी नाकारलेलीही नाही. परंतु महागाईमुळे हप्ता हलका होतो, या युक्तिवादात दोन गोष्टी गृहीत धरलेल्या आहेत. पहिली म्हणजे पगार महागाईच्या चालीने वाढेल. आपल्याकडील किती घरांत तो तसा वाढला, याचा प्रत्येकाने मनाशी विचार करावा. दुसरी म्हणजे महागाई बँकेला दिसत नाही. बँक दर ठरवते तेव्हा महागाई त्यात धरलेलीच असते. शिवाय फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराच्या कर्जात महागाई भडकली की दरही चढतो. आपण पंधरा वर्षांची मुदत घेतली होती, हेही विसरू नये. आज ज्या मुलांना तीस वर्षे सुचवली जात आहेत, त्यांना आपले उदाहरण जसेच्या तसे लागू पडत नाही.

कॅम्पातील नोकरदार

धागाकर्त्यांच्या या शेवटच्या मुद्द्याला माझ्या धाकट्या भावाचे उदाहरण जोडतो. त्याने २०२१ च्या सुरुवातीला ६.९ टक्के दराने २५ लाखांचे कर्ज वीस वर्षांसाठी घेतले. हप्ता १९,२३३ रुपये. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर (ज्या दराने ती बँकांना पैसे देते) ४ वरून ६.५ टक्क्यांवर नेला आणि त्याचा दर ९.४ वर पोहोचला. तेव्हा सुमारे पावणेचोवीस लाख शिल्लक होते आणि त्यावरचे महिन्याचे व्याजच १८,६०० रुपये होत होते. जुना हप्ता तसाच ठेवला, तर मुद्दलात जेमतेम सहाशे रुपये जाणार आणि उरलेली अठरा वर्षे छत्तीस वर्षांवर जाणार. बँकेने निवृत्तीच्या वयापर्यंत मुदत ताणली, उरलेला भार हप्त्यावर टाकला आणि हे सारे त्याला मोबाइलवरच्या एका संदेशाने कळवले. त्याला ना कोणी शाखेत बोलावले, ना काही विचारले.

अशा तक्रारी देशभर झाल्या, म्हणूनच रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये सांगितले की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, हा पर्याय कर्जदाराला द्यावा. स्थिर दरावर जाण्याची मुभा द्यावी. आणि हप्त्यातून महिन्याचे व्याजही निघत नाही अशी स्थिती येऊ देऊ नये. पुढे २०२५ मध्ये रेपो ६.५ वरून ५.२५ वर उतरला. तेव्हा ज्यांनी कमी हप्ता पत्करला त्यांना महिन्याला दिलासा मिळाला, पण हप्ता तोच ठेवून ज्यांनी मुदत घटवून घेतली त्यांचा फायदा कितीतरी मोठा झाला.

रविवार पेठेतील करसल्लागार

‘व्याजावर कर वाचतो’ हे वाक्य अजूनही सर्रास ऐकू येते, म्हणून लिहितो. राहत्या घराच्या कर्जावर दोन लाखांपर्यंतच्या व्याजाची वजावट जुन्या करपद्धतीत मिळते, नव्या पद्धतीत मिळत नाही. नव्या पद्धतीत २०२५-२६ पासून बारा लाखांपर्यंतच्या उत्पन्नावर करच लागत नाही, त्यामुळे बहुतेक पगारदार तिकडेच जातात. त्यांच्या बाबतीत ही बचत शून्य धरावी.

दुसरी गोष्ट कर्जासोबत गळ्यात मारल्या जाणाऱ्या एकरकमी विम्याची. विम्याचा लाखाचा हप्ता कर्जातच मिळवला, तर साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांत त्याचे दोन लाख आठ हजार होतात. विमा असावा, या मताचा मी आहे. परंतु तो बँकेकडूनच आणि कर्जात मिसळूनच घेतला पाहिजे, असा कोणताही कायदा नाही. नको असलेली विमा पॉलिसी हाती आल्यापासून तीस दिवसांत परत करता येते.

उद्यमबागेतील कामगार

वरची सगळी चर्चा पगाराची पावती आणि ‘बुडा’चा, म्हणजे नगरविकास प्राधिकरणाचा प्लॉट असणाऱ्यांची चालली आहे. रेपो चढला काय आणि उतरला काय, आमच्यासारख्यांच्या दारापर्यंत त्यातले काही पोहोचत नाही. मी शहरालगतच्या एका गावात दीड गुंठा जागा घेतली. जमीन बिगरशेती झालेली नाही, पंचायतीचा नऊ-अकराचा (मालमत्तेच्या नोंदीचा) उतारा धड नाही. राष्ट्रीयीकृत बँकेच्या वकिलाने कागद पाहिले आणि फाइल परत केली. मग पतसंस्थेचे दार गाठले. दहा लाख, दहा टक्के, दहा वर्षे. ऐकायला सोपे वाटते. परंतु हे दहा टक्के फ्लॅट आहेत. पहिल्या महिन्यापासून शेवटच्या महिन्यापर्यंत व्याज पूर्ण दहा लाखांवरच. महिन्याला १६,६६७ रुपये आणि दहा वर्षांत वीस लाख. माझ्या भाचीने संगणकावर हिशोब केला, तर उतरत्या शिलकेच्या पद्धतीने, म्हणजे उरलेल्या मुद्दलावरच व्याज धरून, हाच दर जवळजवळ सोळा टक्के निघाला.

बँकेत नऊ टक्क्यांनी तेवढेच कर्ज मिळते, तर हप्ता १२,६६८ असता आणि एकूण भरणा पंधरा लाख वीस हजार. कागद सरळ नाही म्हणून मी चार लाख ऐंशी हजार रुपये जादा देतो आहे. प्लॉट विकणाऱ्याने ‘स्वस्तात मिळतोय’ म्हणून सांगितले होते. आमच्यासाठी कर्जाची खरी किंमत प्लॉटच्या कागदापासून सुरू होते.

निपाणीचा सहकारी

पतसंस्थांना आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करण्याआधी थोडा विचार करावा. मी एका संस्थेच्या संचालक मंडळावर आहे आणि हे वाचून मला राग आला आहे, तो लपवत नाही. ज्या बाईचे भाजीचे दुकान आहे, जिच्याकडे पगाराची पावती नाही की आयकराचे विवरणपत्र नाही, तिला कोणती बँक उभी करते? आमचा माणूस रोज तिच्या दुकानी जाऊन पिग्मी, म्हणजे रोजची छोटी बचत, गोळा करतो, त्या नोंदींवरून आम्हाला तिची पत कळते आणि तिला कर्ज मिळते. ठेवीदाराला आम्ही बँकेपेक्षा जास्त व्याज देतो, म्हणून कर्जही महाग पडते. ज्या जागेला बँक हात लावत नाही, तिच्यावर आम्ही जोखीम घेतो. ही जोखीम फुकट घ्यावी, अशी अपेक्षा आहे काय?

उद्यमबागेतील कामगार

जोखीम फुकट घ्या असे मी म्हटलेले नाही. सोळा टक्के घेत असाल तर सोळा म्हणून सांगा, एवढेच माझे म्हणणे आहे. मी ‘दहा’वर सही केली. शिवाय मधल्या काळात गावची जमीन विकून चार पैसे आले, म्हणून कर्ज मुदतीआधी मिटवायला गेलो, तेव्हा उरलेल्या वर्षांचे व्याजही भरावे लागेल असे सांगण्यात आले. बँकेच्या फ्लोटिंग गृहकर्जाला मुदतपूर्व परतफेडीचा दंड २०१२ पासून लावता येत नाही, हे मला नंतर समजले. तो नियम पतसंस्थेला लागू नाही, हे त्याहून नंतर समजले.

पिग्मीचा विषय आपण काढला आहे, तर तेही बोलू. त्या बाईच्या पिग्मीवर आपण जे व्याज देता आणि तिच्याच कर्जावर जे व्याज घेता, त्यांतील अंतर आपण इथे लिहाल का?

निपाणीचा सहकारी

पिग्मीला मुदत ठेवीपेक्षा कमी व्याज असते, कारण ती गोळा करणाऱ्याला कमिशन द्यावे लागते. यात लपवण्यासारखे काही नाही. आमच्या संस्थेत गृहकर्जाला उतरत्या शिलकेनेच व्याज आकारले जाते, हेही नोंदवून ठेवतो. सगळ्या संस्थांना एका माळेत ओवणे बरोबर नाही. मात्र फ्लॅट दर सांगून सही घेणे आणि मुदतीआधी कर्ज मिटवताना पुढच्या वर्षांचे व्याज मागणे, या दोन गोष्टींचे समर्थन मी करू शकत नाही. आमच्या जिल्ह्यात तसे चालते, हे मला ठाऊक आहे. त्यापुढे मी काही लिहिणार नाही.

शिनोळीपलीकडचा

मी सीमेपलीकडे महाराष्ट्रातील चंदगड तालुक्यात घर बांधले, त्यामुळे दोन्ही राज्यांचा खर्च तपासला आहे. कर्नाटकात ऑगस्ट २०२५ च्या अखेरीस नोंदणी शुल्क एक टक्क्यावरून दोन टक्के झाले. शहरात ५० लाखांचे घर घेतले, तर पाच टक्के मुद्रांक शुल्क, त्यावरचा उपकर आणि अधिभार मिळून दोन लाख ऐंशी हजार, आणि नोंदणीचे एक लाख. महाराष्ट्रात नोंदणी शुल्काला ३० हजारांची कमाल मर्यादा आहे. या रकमा बँक घराच्या किमतीत धरत नाही आणि तीस ते पंचाहत्तर लाखांच्या कर्जात किमतीच्या ८० टक्क्यांवर पैसे देत नाही. म्हणजे ५० लाखांच्या घराला गाठीचे दहा लाख पुरत नाहीत, पावणेचौदा-चौदा लाख लागतात. वरचे चार लाख लोक हातउसने किंवा वैयक्तिक कर्जाने उभे करतात, आणि वैयक्तिक कर्जाचा दर गृहकर्जाच्या कितीतरी वर असतो. हा भाग कोणाच्याच हिशोबात दिसला नाही.

खानापूरची शिक्षिका

कागदांचा विषय निघालाच आहे, तर माझे दुखणे मांडते. ऑक्टोबर २०२४ पासून बँकांनी आणि वित्तसंस्थांनी किरकोळ कर्जदाराला करारापूर्वी मुख्य तथ्य विवरण द्यायचे असते. त्यात सगळे शुल्क धरून येणारा वार्षिक दर आणि महिन्यामहिन्याच्या परतफेडीचा तक्ता असतो, आणि ते कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत असावे असे रिझर्व्ह बँकेचे म्हणणे आहे. माझ्या सासूबाई सहकर्जदार आहेत. त्यांचे शिक्षण मराठी शाळेत सातवीपर्यंत झाले आहे. मी शाखेत मराठी प्रत मागितली, तेव्हा ‘इथे कन्नड किंवा इंग्रजी मिळेल’ असे उत्तर आले. सासूबाईंनी सगळ्या पानांवर सह्या केल्या. व्याजाचा दर कुठे लिहिला आहे, तेही त्यांना दाखवता आले नसते. आपण इथे मुदतीवर आणि दरावर वाद घालतो आहोत, पण सीमाभागातील कितीतरी घरांत सही करणाऱ्याला तो कागद वाचताच येत नाही.

कॅम्पातील नोकरदार

ताई, भाषेचा प्रश्न मोठा आहे आणि तो मलाही जाळतो. परंतु बँकेत वाद घालून तो सुटणार नाही. कन्नड वाचता येणारा माणूस सोबत न्यावा आणि काम उरकावे, हे माझे मत.

खानापूरची शिक्षिका

सोबत माणूस न्यायचा, हेच आम्ही कैक वर्षे करत आलो आहोत. तो माणूस बहुतेक वेळा एजंट असतो आणि त्याचे कमिशन कर्ज मंजूर होण्यावर अवलंबून असते. नियमाने जे मिळायला हवे ते लेखी अर्जाने मागितले पाहिजे, नाही मिळाले तर बँकेच्या तक्रार विभागाकडे आणि तिथूनही दाद न मिळाल्यास रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे गेले पाहिजे. मी तो अर्ज दिला आहे. ‘काम उरकावे’ हे आपले वाक्य मला मुळीच पटलेले नाही.

टिळकवाडीकर

ताईंचे म्हणणे माझ्या मूळ मुद्द्याच्या अगदी जवळचे आहे. परतफेडीचा तक्ता हाच तो कागद आहे, ज्यात पहिल्या हप्त्यातले २१ हजार व्याज उघड्या डोळ्यांनी दिसते. तो समजेल अशा भाषेत सहीपूर्वी हाती पडला, तर तीस वर्षांची मुदत स्वीकारताना माणूस निदान एकदा थांबेल.

उद्यमबागेतल्या मित्राचे म्हणणे मी माझ्या मांडणीत घ्यायला हवे, असे मला वाटते. मी मुदतीला पहिले स्थान दिले, ते कागद स्वच्छ असलेल्या घरांपुरते खरे आहे. ज्याच्या जागेला बँकच कर्ज देत नाही, त्याला मुदत निवडण्याचे स्वातंत्र्य मुळातच नसते. गुंठ्याचा भाव ठरवताना बिगरशेतीचा आदेश, पंचायतीचा उतारा आणि जागेवर आधीचे कर्ज आहे का ते सांगणारा बोजा दाखला पाहिला नाही, तर स्वस्त मिळालेली जागा व्याजातून महाग होते.

अनगोळचा रहिवासी

मी माझ्या जागेवरून हललेलो नाही. घर घ्यावे, तरुणपणी घ्यावे आणि हप्त्याला भिऊ नये, असेच मी माझ्या मुलालाही सांगतो. परंतु त्याने तीस वर्षांची मुदत घेण्याचे ठरवले होते, आणि वरचे ८३ लाख वाचल्यावर आम्ही बापलेक पुन्हा बसलो, एवढे कबूल करतो. वीस वर्षांचा हप्ता त्याला आज जड जातो. यावर आपल्याकडे काही मार्ग असेल तर सांगावा; नुसते भय दाखवून उपयोग नाही.

टिळकवाडीकर

मार्ग आहे. हप्ता आज खरोखरच झेपत नसेल, तर पंचवीस-तीस वर्षांची मुदत घ्यायलाही हरकत नाही, मात्र ती तेवढीच चालू द्यायची नाही. पगार वाढला की हप्ता वाढवून देण्याचा अर्ज करावा, आणि दिवाळीच्या बोनसमधून दरवर्षी एक जादा हप्ता मुद्दलात भरावा. वीस वर्षांच्या तीस लाखांच्या कर्जात एवढे एकच पथ्य पाळले, तर कर्ज सुमारे सव्वातीन वर्षे आधी फिटते आणि सव्वासहा लाखांच्या आसपास व्याज वाचते. पैसे भरताना ‘मुदत कमी करावी, हप्ता तोच ठेवावा’ असे अर्जात स्पष्ट लिहावे आणि पोच घ्यावी. नाहीतर हप्ता कमी केला जाण्याची शक्यता असते आणि मुदत जिथल्या तिथे राहते.

खानापूरची शिक्षिका

बोनस मुदत ठेवीत ठेवला तर चालणार नाही का? अडीअडचणीला हाताशी राहतो.

टिळकवाडीकर

सहा महिन्यांच्या हप्त्यांएवढी रक्कम हाताशी ठेवावीच, ती मुद्दलात घालू नये. त्यापुढच्या रकमेचा हिशोब वेगळा आहे. साडेआठ टक्क्यांचे कर्ज फेडले, की तेवढे व्याज कायमचे वाचते आणि त्यावर कर नाही. ठेवीचे व्याज त्याहून कमी असते आणि ते उत्पन्नात धरले जाते.

उद्यमबागेतील कामगार

माझ्या फ्लॅट दराच्या कर्जात यातले काहीच करता येत नाही, जादा भरले तरी व्याज तेवढेच. निपाणीच्या साहेबांना एक विचारतो. मी संस्थेचा सभासद आहे. वार्षिक सर्वसाधारण सभेत फ्लॅट दर बंद करण्याचा ठराव मांडता येईल का?

निपाणीचा सहकारी

सभासदाला तो हक्क आहे. सभेच्या नोटिशीत दिलेल्या मुदतीत ठराव लेखी द्यावा, सूचक आणि अनुमोदक अशा दोघांच्या सह्या घ्याव्यात. संस्थेचा खर्च किती वाढेल याची आकडेवारी संचालक मांडतील, त्याचे उत्तर तयार ठेवावे. संस्थांवरचे आपले सरसकट आरोप मला अजूनही मान्य नाहीत, परंतु ठरावाचा मसुदा हवा असेल तर लिहून पाठवतो.

उद्यमबागेतील कामगार

पाठवा. मुदतपूर्व परतफेडीला उरलेल्या काळाचे व्याज माफ असावे, हेही त्यात वेगळे कलम म्हणून घाला. अनुमोदक म्हणून आमच्या कारखान्यातले दोघे तयार आहेत, त्यांचीही कर्जे तिथलीच आहेत.